गाडी ठेवायला जागा कोणती? बेळगाव, खानापूर, निपाणीकडून पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न

बेळगावातून खानापूरकडे जाताना रस्त्याला माझं दुचाकींचं छोटं गॅरेज आहे. गणपतीच्या आधीचे आठ दिवस माझ्याकडे नुसती रीघ असते. फौजेतून सुट्टीवर आलेली मुलं, गोव्यात कामाला असलेले, पुण्याहून आलेले. सगळ्यांची तक्रार एकच: "गाडी चांगली ठेवून गेलो होतो, आता चालूच होईना." एरवी वर्षभर फोनवर विचारतात ते प्रश्न आणि त्यांची उत्तरं इथं एकत्र लिहून ठेवली आहेत. एकच गोष्ट दोनदा लिहायला नको म्हणून जिथं दुसऱ्या उत्तराचा संबंध येतो तिथं त्याचा क्रमांक दिला आहे.

१. घरात जागा आहे. तिथं उभी केली की झालं. त्यात आणखी बघायचं काय?

जागा जुलैत बघा. मे महिन्यात आपल्याकडची कुठलीही पडवी ठणठणीत कोरडी दिसते. जुलैत त्याच पडवीत कौलातून टिपूस गळत असतो, फरशीला घाम फुटलेला असतो आणि भिंतीला बुरशी चढलेली असते. जुलैपर्यंत थांबता येत नसेल तर घरातल्या म्हाताऱ्या माणसाला विचारा, मागच्या पावसात पाणी कुठवर आलं होतं आणि कुठलं कौल गळतं. त्यांना सगळं तोंडपाठ असतं. भिंतीवर खालून वीतभर उंचीवर पांढरट खारी रेघ दिसली तर ओल तिथवर चढते असं समजा.

मी स्वतः बघतो तो क्रम असा: आधी पाणी, मग भिंत आणि छप्पर, मग आग, मग उंदीर आणि सगळ्यात शेवटी चोर. लोक बरोबर उलट्या क्रमानं जातात. दोन हजारांचं कुलूप घेतात आणि गाडी गळक्या पत्र्याखाली लावतात.

भिंतीचं तर कुणाच्या डोक्यातच येत नाही. मातीच्या किंवा कच्च्या विटांच्या जुन्या भिंतीच्या आडोशाला गाडी लावू नका. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आपल्या जिल्ह्यात अशी घरं गावोगावी पडली. काही पुराच्या पाण्यानं पडली, काही नुसत्या झडीनं भिजून. भिंत पडताना बाहेरच्या बाजूला पडली तर खाली काय आहे ते ती बघत नाही.

२. किती दिवस उभी राहणार असेल तर एवढी काळजी घ्यायची?

पंधरा दिवसांपर्यंत काही नको, कोरडी जागा आणि कुलूप पुरे. महिना-दीड महिना असेल तर बॅटरी आणि टायर (प्रश्न ८). तीन महिन्यांच्या वर असेल तर हे सगळं वाचा.

३. पाणी आत येत नाही, पण ओल फार. खानापूरच्या वरच्या बाजूला घर आहे. चालेल का?

कणकुंबी, जांबोटीकडचा पाऊस ज्यानं बघितला आहे तो हा प्रश्न विचारणारच. मलप्रभा उगम पावते तो हा मुलूख. चार महिने कपडे वाळत नाहीत, तिथं चेन कशी कोरडी राहणार?

चालेल, पण गाडी जमिनीपासून तोडायची. दोन्ही चाकांखाली लाकडी फळ्या घाला आणि मधला स्टँड असेल तर त्यावरच उभी करा. भिंतीपासून हातभर जागा सोडा म्हणजे वारं फिरेल. पूर्ण बंद खोलीपेक्षा एका बाजूनं वारं खेळणारी पडवी मला बरी वाटते, फक्त पावसाची झड येते त्या बाजूला तोंड नको. आपल्याकडे झड बहुतेक पश्चिमेकडून येते.

ठेवण्याआधी गाडी धुवा आणि एक दिवस उन्हात पूर्ण वाळू द्या. ओली गाडी झाकून ठेवणं म्हणजे ओल्या बुटात पाय घालून झोपणं. चेनला वंगण, क्रोमच्या भागांवर आणि स्पोकवर तेलाचा पुसट हात. ब्रेकच्या डिस्कवर मात्र तेलाचा थेंबही जाऊ द्यायचा नाही. डिस्कवर तांबूस थर धरला तरी पहिल्या चार ब्रेकांत तो निघतो. तेल लागलं तर ब्रेकच लागत नाही.

पूर्वेकडच्या काळ्या मातीत वेगळा त्रास आहे. उन्हाळ्यात दगडासारखी टणक असलेली जमीन पहिल्या पावसात लोण्यासारखी होते आणि बाजूचा स्टँड आत रुततो. गाडी आडवी होते, टाकीला पोचा पडतो, पेट्रोल सांडतं. स्टँडखाली शहाबादी फरशीचा तुकडा ठेवा. फुकटचा उपाय आहे.

४. ताडपत्रीनं गुंडाळून ठेवली तर?

उघड्यावर ताडपत्री वरून छपरासारखी ताणा, गाडीला गुंडाळू नका. प्लास्टिकच्या आत रात्री वाफ धरते आणि ती थेंब होऊन गाडीवरच पडते. छपराखाली जुनी सुती चादर सगळ्यात चांगली. बाजारात हवा खेळेल अशी कापडी कव्हरं मिळतात, तीही चालतील. इंजिन गरम असताना कुठलंच कव्हर घालू नका.

५. गाव नदीकाठी आहे. दर दोन-तीन वर्षांनी पाणी येतं. गाडी माळ्यावर चढवू का?

मोटारसायकल माळ्यावर चढत नाही. चढवली तर उतरताना कुणाचा तरी पाय मोडतो. विचारणारे खरोखर आहेत, म्हणून लिहिलं.

दूधगंगा, वेदगंगा, कृष्णा, घटप्रभा यांच्या काठच्या गावांना पुराचं सांगायची गरज नाही. २०१९ मध्ये आणि पुन्हा २०२१ च्या जुलैत निपाणीजवळ यमगर्णीला वेदगंगेचं पाणी थेट पुणे-बंगळूर महामार्गावर आलं आणि वाहतूक थांबली. महामार्गाची ही गत, मग गावातल्या गल्ल्यांचं विचारायलाच नको. शहरात वडगाव, शहापूरच्या खालच्या बाजूला राहणाऱ्यांनी बळ्ळारी नाल्याचा हिशोब धरावा. नदी लांब आहे म्हणून निर्धास्त राहू नये.

अशा ठिकाणी घरात सुरक्षित कोपरा शोधत बसण्यात अर्थ नाही. मे महिन्यातच गाडी गावाच्या वरच्या अंगाला कुणाच्या तरी घरी नेऊन ठेवा. २०१९ ला जिथवर पाणी आलं ती खूण धरून त्याच्या वरची जागा. तुम्ही बाहेरगावी असाल आणि गाडी घरीच ठेवायची असेल तर आणखी दोन गोष्टी ठरवून जा: पाणी चढायला लागलं की गाडी कोण हलवणार आणि किल्ली कुठं आहे. मी बघितलेल्या बुडालेल्या गाड्यांपैकी कितीतरी नुसत्या हँडल लॉक होत्या म्हणून बुडाल्या. शेजारी हलवायला तयार होते, किल्ली पुण्यात होती.

६. गाडी पाण्यात बुडाली. पाणी उतरल्यावर चालू करून बघू का?

नाही. किक मारायची नाही, सेल्फ दाबायचा नाही, चावीही फिरवायची नाही. इंजिनात पाणी असताना पिस्टन वर गेला की पाणी दबत नाही, कनेक्टिंग रॉड वाकतो. मग तेल बदलून सुटणारं काम इंजिन खोलण्यावर जातं.

आधी बॅटरीची ऋण तार काढा. गाडी आहे त्या जागी, भिंतीवरची पाण्याची खूण दिसेल असे फोटो काढा आणि इन्शुरन्स कंपनीला कळवा. मग गाडी ढकलत किंवा टेम्पोतून गॅरेजला. फोटो न काढता धुऊन पुसून आणलेली आणि वर चालू करून बघितलेली गाडी असली की क्लेमला अडचण येते. क्लेम मिळणार की नाही हे पॉलिसी कुठली आहे त्यावर आहे, ते प्रश्न १५ मध्ये.

७. गावाकडे गोठ्यात भरपूर जागा आहे. म्हशी दोनच. तिथं ठेवली तर?

गोठा ही गाडी ठेवण्यासाठी गावातली सगळ्यात सोयीची आणि सगळ्यात वाईट जागा आहे. मूत्र आणि शेणातून अमोनिया उठतो. बंद गोठ्यात शिरल्यावर डोळ्यांना झोंबतं ना, तोच. ओल आणि अमोनिया एकत्र आले की तांबं, पितळ हिरवं पडतं, वायरींच्या जोडांना कीट धरतो, ॲल्युमिनियमवर पांढरे डाग येतात. गाडी वरून नवी दिसते आणि आतली वायरिंग गेलेली असते.

दुसरं, उंदीर. भाताचं पिंजर, पेंड, भुसा आहे तिथं उंदीर असणारच, आणि पावसात घुशीही येतात. सीटखाली घरटं, एअर फिल्टरच्या डब्यात घरटं, वायरींचं वरचं आवरण कुरतडलेलं. डांबर गोळ्या ठेवल्यानं उंदीर पळतात असं म्हणतात. मला त्यावर भरवसा नाही, गोळ्यांच्या शेजारीच पिल्लं घातलेली मी बघितली आहेत. उपाय म्हणजे आसपास खायला काही नको आणि महिन्यातून एकदा कुणीतरी सीट उघडून बघायला हवं. सायलेन्सरच्या तोंडाला प्लास्टिकची पिशवी रबर लावून बांधा आणि हँडलला चिठ्ठी अडकवा: "सायलेन्सर बांधला आहे." चिठ्ठी का, ते प्रश्न १८ मध्ये.

तिसरं, वैरण आणि पेट्रोल एका छपराखाली. यावर जास्त लिहायला नको.

दुसरा इलाज नसेल तर गोठ्याच्या बाहेरच्या अंगाला, वाऱ्याच्या बाजूला, वेगळा चार पत्र्यांचा आडोसा करा. म्हशीला बांधलेली दावण गाडीपर्यंत पोचणार नाही इतक्या अंतरावर. हेही अनुभवानंच लिहितो आहे.

८. बॅटरी काढून ठेवायची की राहू द्यायची? आणि बाबा दर रविवारी दोन मिनिटं गाडी चालू करतात, ते बरोबर ना?

महिन्याच्या वर असेल तर निदान ऋण तार सोडवा. नव्या गाड्यांत घड्याळ, ईसीयू (इंजिन सांभाळणारा छोटा संगणक), अलार्म हे बंद गाडीतही थोडी थोडी बॅटरी खात असतात. तीन महिन्यांच्या वर असेल तर बॅटरीच काढा आणि कोरड्या जागी ठेवा. काढताना आधी ऋण तार, लावताना आधी धन. पूर्ण भरलेली १२ व्होल्टची बॅटरी १२.६ ते १२.८ दाखवते. १२.४ च्या खाली गेली की चार्ज करून घ्यावी.

बाबांचं प्रेम समजतं, पण दोन मिनिटांत इंजिन नीट तापत नाही. सायलेन्सरमध्ये आणि तेलात पाण्याची वाफ धरते आणि तिथंच राहते. सेल्फनं बॅटरीतून जितकं काढलं तितकंही परत भरत नाही. चालवायची असेल तर महिन्यातून दोनदा वीस-पंचवीस मिनिटं नीट फिरवून आणावी. बाजाराला, देवाला, कुठंही. नाहीतर हात लावू नये. उभ्या उभ्या एकच काम करावं, महिन्याला चाकं थोडी फिरवावीत म्हणजे टायर एकाच जागी दबत नाही. हवा नेहमीइतकी पूर्ण भरून ठेवा.

९. टाकी फुल्ल करून ठेवायची की रिकामी?

पत्र्याची टाकी, जागा घराबाहेर आणि मुक्काम तीन महिन्यांच्या आत: जवळजवळ भरून ठेवा. रिकाम्या टाकीत ओलसर हवा राहते आणि आतून गंज चढतो. काठोकाठ मात्र भरू नका, तापल्यावर पेट्रोल फुगतं. दोन बोटं जागा सोडा.

हल्ली पंपावर मिळणाऱ्या पेट्रोलमध्ये २० टक्के इथेनॉल असतं आणि इथेनॉल पाणी ओढून घेतं. पाणी जास्त झालं की ते इथेनॉलसह तळाला वेगळं बसतं. म्हणून सहा-आठ महिने उभ्या राहणाऱ्या गाडीत परत आल्यावर जुनं पेट्रोल काढून ताजं घालावं. कार्बोरेटरची जुनी गाडी असेल तर पेट्रोलचा कॉक बंद करून इंजिन आपोआप बंद पडेपर्यंत चालू ठेवा, म्हणजे कार्बोरेटरमध्ये चिकट मळी बसत नाही. इंजेक्शनच्या गाडीत पंप टाकीच्या आत असतो, ती कोरडी करू नका.

काढलेलं पेट्रोल पाण्याच्या बाटलीत भरून फडताळात ठेवू नका. घरात लहान मुलं असतात.

१०. घराच्या सोप्यातच (पुढच्या ओसरीत) लावतो रात्री. त्याच्या मागं न्हाणी आणि बंब आहे. धोका आहे का?

आहे. पेट्रोलची वाफ हवेपेक्षा जड असते. ती वर उडून जात नाही, जमिनीलगत सरपटत जाते आणि खालच्या बाजूला पेटतं काही असेल तिथपर्यंत पोचते. बंब, चूल, शेगडी, देवापुढची समई हे सगळं जमिनीलगतच असतं. रोजच्या वापरातली, न गळणारी गाडी रात्री सोप्यात असणं आणि महिनोन्महिने कुणी न बघितलेली गाडी तिथं असणं यात फरक आहे. रबरी नळी उभ्या उभ्या कडक होते आणि तडकते, आणि ते कुणाच्या लक्षात येत नाही. पेट्रोलचा वास आला की त्याच दिवशी गाडी बाहेर काढा.

आणखी एक. सोप्यात गाडी दाराच्या वाटेत आडवी नको. रात्री काही झालं तर घरातली माणसं त्याच दारानं बाहेर पडणार आहेत.

११. बेळगाव शहरात गल्लीत घर आहे. आत जागाच नाही, रात्री रस्त्यावर लावतो. चोरी कशी टाळायची?

जुन्या गल्ल्यांतली घरं भिंतीला भिंत लावून आहेत, दारात गटार, पलीकडे रस्ता. तिथं जागा निवडायची म्हणजे कोणाच्या खिडकीखाली एवढंच ठरवायचं असतं. ती खिडकी रात्री उशिरापर्यंत जागी असणाऱ्याची असावी. दिव्याखाली लावा, कोपऱ्यावर लावू नका, कोपऱ्यावरून टेम्पोत चढवणं सोपं.

नुसतं हँडल लॉक हे लॉक नाही, जोर लावला की तुटतं. डिस्क लॉक लावलेली गाडी ढकलता येत नाही, पण उचलता येते. म्हणून जाड साखळी हवी आणि ती गाडीच्या चासीतून (सांगाड्यातून) घेऊन हलणार नाही अशा गोष्टीला बांधायला हवी: लोखंडी जाळी, काँक्रीटमध्ये बसवलेलं लोखंडी कडं. साखळी जमिनीवर लोळत ठेवू नका, जमिनीवर ठेवून हातोडा मारला की ती लवकर तुटते. दोन शेजाऱ्यांच्या गाड्या एकमेकींना बांधल्या तरी चालतं, फक्त पहाटे दूध आणायला कोण जाणार ते आधी ठरवा.

रस्त्यावर लावलेल्या गाडीत मूळ आरसी (नोंदणीचं कार्ड) ठेवू नका. गणपतीत आणि शिवजयंतीला मिरवणुकीच्या वाटेवर असाल तर आदल्या दिवशीच गाडी दुसऱ्या गल्लीत हलवा.

महिनाभर बाहेर जाणार असाल तर रस्ता ही जागाच नाही. प्रश्न १३ आणि १४ बघा.

१२. स्टेशनच्या किंवा स्टँडच्या पार्किंगमध्ये आठ-दहा दिवस ठेवली तर? तिथं "मालकाच्या जबाबदारीवर" असा फलक आहे.

चार-पाच दिवसांना ठीक. ठेवण्याआधी विचारा की रात्रीचं ठेवून घेतात का आणि दिवसाचा दर किती. पावतीवर गाडीचा नंबर आणि तारीख आहे का ते तिथंच बघा. पावतीचा फोटो काढा, गाडीचा आणि मीटरच्या आकड्याचाही काढा.

फलकाचं असं आहे. १९९८ साली दिल्लीतल्या एका बड्या हॉटेलच्या माणसाकडे पाहुण्यानं गाडी पार्क करायला दिली आणि ती चोरीला गेली. हॉटेल म्हणालं, पावतीवर "मालकाच्या जबाबदारीवर" छापलं आहे. नोव्हेंबर २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं की गाडी ताब्यात घेतल्यावर हॉटेलनं काळजी घ्यायलाच हवी, निष्काळजीपणा झाला तर छापील ओळीमागं लपता येणार नाही. पण नीट बघा, तिथं किल्ली हॉटेलच्या ताब्यात होती. पैसे भरून आपण स्वतः लावतो आणि किल्ली खिशात घालतो तिथं हाच निकाल जसाच्या तसा लागू होईल असं धरून चालू नका.

१३. पाहुण्यांकडे ठेवून जातो. घरचीच माणसं. त्यात कसला धोका?

सोळा वर्षांच्या पुतण्याचा.

गाडी चुलत्यांच्या दारात, किल्ली खुंटीला, आणि घरात दहावी-अकरावीचा पोरगा. त्यानं बाहेर काढली नाही तर आश्चर्य. मोटार वाहन कायद्यात २०१९ साली घातलेल्या कलम १९९-अ प्रमाणे अल्पवयीन मुलानं गाडी चालवून गुन्हा केला तर पालक किंवा गाडीचा मालक दोषी धरला जातो: तीन वर्षांपर्यंत कैद, २५ हजार दंड आणि गाडीची नोंदणी १२ महिन्यांसाठी रद्द. मालकाला सुटायचं असेल तर हे आपल्या नकळत झालं किंवा आपण ते टाळायचा पुरता प्रयत्न केला, असं त्यानंच सिद्ध करायचं. किल्ली खुंटीला टांगून गेलेला माणूस ते कसं सिद्ध करणार?

मोठा माणूस असला तरी त्याच्याकडे लायसन्स नसेल आणि अपघात झाला तर इन्शुरन्स कंपनी हात वर करते. म्हणून किल्ली एकाच जबाबदार माणसाकडे द्या, शक्यतो घरातल्या बाईमाणसाकडे. काकू किंवा वहिनीकडची किल्ली पोरांना मिळत नाही, हा माझा वीस वर्षांचा अनुभव. "फिरवून आण" असं मोघम सांगू नका, कुणी फिरवायची ते नाव घेऊन सांगा. तोंडावर सांगायला अवघड वाटतं हे खरं, पण अपघातानंतर बोलणं त्याहून अवघड असतं.

१४. ओळखीच्या माणसाच्या गोदामात महिन्याला भाडं देऊन ठेवणार आहे. कागद करायला हवा का?

करा, अर्ध्या पानाचा पुरे. गाडीचा नंबर, चासी नंबर, मीटरचा आकडा, कुठल्या तारखेपासून, भाडं किती, किल्ली कुणाकडे, गाडी वापरायची नाही, आणि दोघांच्या सह्या. कागद कन्नडमध्ये असेल आणि तुम्हाला वाचता येत नसेल तर वाचून घेतल्याशिवाय सही नको. मराठीत लिहून दोघांनी सह्या केल्या तरी तो कागदच आहे.

१८७२ च्या करार कायद्यात हे आधीच सांगून ठेवलं आहे: दुसऱ्याची वस्तू सांभाळायला घेतली की शहाणा माणूस स्वतःच्या वस्तूची घेतो तितकी काळजी घ्यावी लागते (कलम १५१), आणि ठरल्याबाहेर वापरली तर नुकसान भरून द्यावं लागतं (कलम १५४). भाडं न घेता ठेवली तरी हेच. कागदामुळे एवढंच होतं की गाडी दिली होती की नव्हती, यावर वाद राहत नाही.

गोदाम कशाचं आहे तेही विचारा. निपाणीकडे तंबाखूच्या वखारीत जागा मिळते, ती कोरडी असते हे खरं, पण पेटायला वेळ लागत नाही. खतांच्या गोदामात लोखंड फार लवकर गंजतं. भांड्यांचं, फर्निचरचं, सिमेंट पाइपचं गोदाम असेल तर बिनधास्त ठेवा.

१५. गाडी वर्षभर उभीच राहणार. मग इन्शुरन्स कशाला भरू?

कायद्यानं सक्तीचा विमा सार्वजनिक ठिकाणी गाडी वापरण्यासाठी आहे. कुलूपबंद पडवीत उभ्या गाडीला हा थर्ड पार्टी विमा (आपल्या गाडीनं दुसऱ्याचं नुकसान झालं तर भरून देणारा) नसला म्हणून कुणी घरात येऊन दंड करत नाही. पण चोरी, आग आणि पूर हे तिन्ही धोके उभ्या गाडीलाच आहेत, आणि ते थर्ड पार्टीत येत नाहीत. त्यासाठी ओन डॅमेज, म्हणजे आपल्याच गाडीच्या नुकसानीचा विमा हवा.

इथं बरेच जण फसतात. सप्टेंबर २०१८ पासून नव्या दुचाकीला थर्ड पार्टी पाच वर्षांचं एकदम घ्यावं लागतं. लोक सांगतात, "माझा पाच वर्षांचा इन्शुरन्स आहे." ओन डॅमेज त्यात बहुतेक वेळा पहिल्या एकाच वर्षाचं असतं. पॉलिसी काढा आणि दोन्ही तारखा वेगवेगळ्या वाचा. आणखी एक, पॉलिसी संपून ९० दिवस उलटले की साठलेला नो क्लेम बोनस (क्लेम न केल्याबद्दल हप्त्यात मिळणारी सूट) जातो. फौजेतल्या मुलांनी आपल्या सुट्टीच्या नाही, पॉलिसीच्या तारखा लक्षात ठेवाव्यात. पैसे आता फोनवरून भरता येतात.

गाडी जुनी असेल तर आरसीवरची मुदतही बघा. खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांची असते, पुढं पाच-पाच वर्षांनी वाढवावी लागते.

१६. गाडी एमएच-०९ (कोल्हापूर) पासिंगची, मी चंदगडचा, पण गाडी बेळगावात सासुरवाडीला ठेवली आहे. काही अडचण?

सीमेवर राहणाऱ्यांचा हा नेहमीचा प्रश्न. मोटार वाहन कायद्याचं कलम ४७ सांगतं की एका राज्यात नोंदलेली गाडी दुसऱ्या राज्यात १२ महिन्यांपेक्षा जास्त ठेवली तर तिथं नवी नोंदणी करून घ्यायला हवी. शब्द "ठेवली" असा आहे. चालवली नाही, नुसती उभी होती, हे उत्तर होत नाही. उलट बाजूलाही तेच: केए-२२ किंवा केए-२३ ची गाडी पुण्यात नेऊन वर्षाच्या वर ठेवली तर तिथला नंबर घ्यावा लागतो. त्यासाठी मूळ आरटीओची एनओसी (ना हरकत दाखला) लागते.

येऊन जाऊन असणाऱ्यांची गाडी बारा महिने सलग दुसरीकडे राहत नाही, त्यांना घाबरायचं कारण नाही. पेट्रोल भरल्याच्या, सर्व्हिसिंगच्या पावत्या ठेवा. सरकारी किंवा लष्करी नोकरीत असाल आणि नवी गाडी घेणार असाल तर २०२१ पासून सुरू झालेल्या बीएच मालिकेचा नंबर घेता येतो, मग बदलीबरोबर नंबर बदलत बसावं लागत नाही.

१७. मी गोव्यात आहे आणि घरून गाडी चोरीला गेली. तक्रार कुठं द्यायची? ठाण्यात सगळं कन्नडमध्ये असतं.

आधी घरच्यांकडून ११२ वर फोन आणि जवळच्या ठाण्यात तक्रार. जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या फौजदारी प्रक्रियेच्या संहितेच्या (बीएनएसएस) कलम १७३ प्रमाणे चोरी कुठल्याही हद्दीत झाली तरी कुठल्याही ठाण्यात माहिती देता येते. म्हणजे निपाणीच्या माणसाची गाडी कोल्हापुरात गेली तरी तो निपाणीत तक्रार देऊ शकतो. तोंडी सांगितलेली तक्रार लिहून घेऊन वाचून दाखवायची असते आणि प्रत फुकट द्यायची असते. कन्नडमध्ये लिहिली असेल तर सही करण्याआधी मराठीत समजावून मागा. नंबर, चासी नंबर आणि चोरी लक्षात आली ती वेळ, या तीन गोष्टी नीट उतरल्या आहेत का बघा. ठाण्यातली बरीच माणसं मराठी समजतात. आवाज न चढवता विचारलं की काम होतं.

इन्शुरन्स कंपनीला त्याच दिवशी कळवा. पुढं कंपनी दोन्ही किल्ल्या मागते, म्हणून दुसरी किल्ली कुठं आहे ते आजच शोधून ठेवा. तपास लागला नाही तर पोलीस तसा अहवाल देतात. आपल्याकडे त्याला "सी रिपोर्ट" म्हणतात आणि क्लेमला तो लागतो.

१८. आठ महिन्यांनी परत आलो. लगेच किक मारू?

आधी हँडलची चिठ्ठी वाचा (प्रश्न ७). पिशवी बांधलेली राहिली की गाडी चालू होत नाही. मग माणूस अर्धा तास किक मारतो, बॅटरी बसवतो, प्लग काढतो आणि शेवटी माझ्याकडे ढकलत आणतो. दरवर्षी एक तरी गिऱ्हाईक असं येतं, आणि मी पिशवी काढायचे पैसे घेत नाही.

मग सीट उघडून घरटं आहे का बघा. वायरी कुरतडलेल्या असतील तर चावी फिरवू नका. खाली तेलाचा, पेट्रोलचा डाग आहे का, टायरला बाजूला तडे आहेत का, ब्रेक दाबून सुटतो का. ब्रेकचं तेलही हवेतली ओल ओढतं, दोन वर्षं झाली असतील तर बदला. जुनं पेट्रोल प्रश्न ९ प्रमाणे. एवढं झाल्यावर चालू करा, दोन-तीन मिनिटं वेग न वाढवता राहू द्या, आणि पहिली फेरी गल्लीतच मारा. थेट चोर्ला घाटाकडे निघू नका.

१९. इलेक्ट्रिक स्कूटर असेल तर?

ओल, पूर, चोरी यांचं वरचंच. बॅटरी निम्मी भरलेली ठेवा, शून्यावर किंवा पूर्ण भरून महिनोन्महिने ठेवू नका, आणि महिन्या-दीड महिन्यानं आकडा बघा. तापणाऱ्या पत्र्याखाली नको. अपार्टमेंटमध्ये जिन्याखाली चार्जिंगला लावू नका, आग लागली तर खाली उतरायची वाटच बंद होते. बेसमेंटमध्ये लावणार असाल तर पावसात तिथं पंप चालतो का आणि वीज गेल्यावर तो कशावर चालतो, हे वॉचमनला विचारा.